आमच्या नदीत मगरी आहेत

दांडिया बाजारातल्या वाचनालयाची
महिन्याला दोन रुपये वर्गणी होती तेव्हा.
एका वेळी एकच पुस्तक मिळायचं,
म्हणून जाड बघून घ्यायचे.

त्यातल्या नायकांची बोटं लांबसडक असत.
ते पत्रं लिहीत, रात्री खोकत,
गाव सोडून जात
आणि गाडी सुटता सुटता फलाटावर परत येत.
आणि नदी असायची. दर पुस्तकात एक.
काठावर दगड, दगडावर दोघं,
आणि तो असं काही बोलायचा
की पुढची चार पानं तिला उत्तर सुचत नसे.

ती वाक्यं मी उतरवून घेतली होती,
हिशेबाच्या वहीत, मागच्या बाजूनं,
आई लोणच्याचं प्रमाण लिहून ठेवायची तशी.
पुढेमागे लागलं तर हाताशी असावं.

विद्याधरची बोटं आखूड.
नखांत रेल्वे वर्कशॉपचं ग्रीस.
साखरपुड्यानंतरच्या रविवारी मीच म्हटलं,
नदीवर जाऊ.
"कुठल्या?"
"आपल्या."
उन्हाळ्यात गोधडी मागणाऱ्या पाहुण्याकडे पाहावं
तसं पाहिलं त्यानं माझ्याकडे.

काळाघोड्याच्या पुलावर उभे राहिलो.
खाली विश्वामित्री, शेवाळी, साबणाच्या फेसाची,
आणि वास असा की
बडोद्याच्या माणसालाच सोसावा.
मी कठड्यावर हात ठेवून वाट पाहिली.
तो वाकला. श्वास धरला.
अगदी हळू आवाजात म्हणाला,
"ती बघ. मगर."

घरी येऊन रडले.
लग्नाआधी हे, तर नंतर काय, असं ताईला विचारलं.
ताई म्हणाली, "दिसली का पण?"

पुढे अठरा वर्षं मी त्याला मार्क देत गेले.
वाढदिवसाला कुकरची रिंग आणली: वजा दहा.
बाळंतपणात आठ दिवस रजा काढली,
आणि दवाखान्याच्या बाकावर पेपर वाचत बसला.
रजेचे पाच, पेपरचे वजा पाच.
परीक्षा चालू आहे
हेच त्याला कुणी कळवलं नव्हतं.
वाचनालयाची वर्गणी मात्र
मी कधी चुकवली नाही.

पुराच्या साली पाणी ओट्यापर्यंत आलं.
त्यानं सिलिंडर वर चढवला, शिवणाचं मशीन चढवलं,
मग पुन्हा कमरेएवढ्या पाण्यात उतरला
आणि दुधाच्या पिशवीत गुंडाळून
ती वही घेऊन आला.
"हिशेबाची आहे. म्हटलं, लागेल."
मागची बाजू त्यानं उघडली नसावी.
किंवा उघडली असेल.
त्याच्या चेहऱ्यावरून काही म्हणजे काही कळत नाही.

त्या रात्री गच्चीवर, मेणबत्तीत,
त्यातलं एक वाक्य मी त्याला वाचून दाखवलं.
सगळ्यात चांगलं होतं ते.
"काय?" म्हणाला. डावा कान वर्कशॉपनं नेलेला.
मोठ्यानं वाचलं.
"काय?"
तिसऱ्यांदा मी ते ओरडले,
इतकी वर्षं जपलेलं, इतकं हळुवार,
आणि शेजारच्या गच्चीवरून
जशोदाबेन दचकून उठल्या:
"शुं थयुं? मगर आव्यो?"

हसलो आम्ही. तोही हसला.
त्याला काय ऐकू आलं
ते अजून सांगत नाही.

वर्गणी आता तीस रुपये.
मी अजूनही जाड बघूनच घेते
आणि नदी आली की
पान जरा सावकाश उलटते.

परवा दवाखान्यातून येताना पुलावर थांबलो.
या वेळी मला आधी दिसली.
झुडपाच्या सावलीत दोन नाकपुड्या.
मी बोलले नाही.
कठड्यावर त्याचा हात होता,
निवृत्तीनंतर नखं स्वच्छ झालीत.
थोडा वेळ ती मी माझ्यापाशीच ठेवली,
वाट पाहत,
की तो वाकेल आता,
श्वास धरेल.